मारिएत्ताचे स्वयंपाकघर

इटलीस जाणारा प्रवासी पूर्वी रोमचे भग्नावशेष, फ्लॉरेन्सची चित्रे आणि व्हेनिसचे कालवे पाहून संतुष्ट मनाने परत येत असे. अलीकडे त्याच्या कार्यक्रमात आणखी एका गोष्टीची भर पडली आहे. एखाद्या गृहिणीच्या घरी जावयाचे, कमरेला ॲप्रन बांधून अर्धा दिवस तिच्या हाताखाली पीठ मळावयाचे, आणि जे काही साधेल ते तिच्याच मेजावर बसून खावयाचे. याकरिता शुल्क द्यावे लागते, आणि लोक ते आनंदाने देतात. बोलोन्या विद्यापीठातील समाजशास्त्राच्या प्राध्यापिका एजेरिया दि नाल्लो यांच्या पुढाकाराने २००४ मध्ये अशा घरगुती अन्नपूर्णांची संघटना त्या शहरात उभी राहिली. ‘चेझारिने’ या नावाने ती पुढे इटलीभर पसरली.

वरवर पाहता ही केवळ प्रवासी मनुष्याची हौस आहे. परंतु तिच्यामागे इतिहासाचा एक प्रश्न दडलेला आहे. ज्या स्वयंपाकघराची दखल शतकानुशतके कोणी घेतली नाही, त्याची पाठशाळा कशी झाली?

इटलीत पाकशास्त्रावरील ग्रंथांना तोटा कधीच नव्हता. पंधराव्या शतकात मार्तिनो नावाच्या आचाऱ्याने आपला ग्रंथ सिद्ध केला. १५७० मध्ये पोपच्या सेवेतील बार्तोलोमेओ स्काप्पी याचा प्रचंड ग्रंथ व्हेनिसमध्ये छापला गेला. परंतु हे सारे दरबारी आचारी. त्यांच्यापुढे चांदीची ताटे होती, हाताखाली नोकरांचा ताफा होता. चुलीपाशी बसून मुलाबाळांना जेवू घालणारी बाई त्या पानांतून बहुधा आढळत नाही. ती ग्रंथात शिरली ती फार उशिरा, आणि तीही एका रेशमाच्या व्यापाऱ्याचा हात धरून.

या व्यापाऱ्याचे नाव पेल्लेग्रिनो आर्तुझी. त्याचा जन्म १८२० मध्ये रोमान्या प्रांतातील फोर्लिम्पोपोली या लहानशा गावी झाला. २५ जानेवारी १८५१ च्या रात्री स्तेफानो पेल्लोनी या दरोडेखोराच्या टोळीने गावचे नाट्यगृह वेढले, नाटक पाहावयास जमलेल्या प्रतिष्ठितांना तेथेच कोंडले आणि मग एकेक घर लुटावयास सुरुवात केली. आर्तुझीचे घरही त्यातून सुटले नाही. त्या रात्रीच्या आघाताने त्याची बहीण गेर्त्रूदे हिचे मन कायमचे ढळले. कुटुंबाने गाव सोडले व फ्लॉरेन्समध्ये बिऱ्हाड केले. तेथे आर्तुझीने व्यापारात चांगला पैसा मिळवला, पन्नाशीच्या सुमारास व्यवसाय आवरता घेतला, लग्न केले नाही, आणि उरलेले आयुष्य साहित्य व भोजन या दोन छंदांना वाहिले. पहिल्या छंदात त्याला यश बेताचेच आले.

१८९१ मध्ये, वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी, त्याने ‘ला शेन्त्सा इन कुचिना ए लार्ते दि मांजार बेने’, म्हणजे ‘स्वयंपाकाचे शास्त्र आणि उत्तम भोजनाची कला’, हे पुस्तक पदरचे पैसे घालून छापले. प्रती एक हजार, पाककृती ४७५. पहिली काही वर्षे ते फारसे खपले नाही. मग एक नवल घडले. ज्या गृहिणींकरिता ते लिहिले होते त्यांनी आर्तुझीला पत्रे पाठवावयास आरंभ केला. अमुक पदार्थ आमच्याकडे असा करीत नाहीत, तमुक पदार्थ तुमच्या पुस्तकात मुळी नाहीच, अशा त्या सूचना असत. आर्तुझीने त्या मनावर घेतल्या, घरी करून पाहिल्या, आणि आवृत्तीमागून आवृत्तीत पुस्तक वाढत गेले. १९११ मध्ये तो वारला तेव्हा पाककृतींची संख्या ७९० झाली होती.

हे घडले तो काळ ध्यानात घेतला पाहिजे. इटलीचे राज्य १८६१ मध्ये एक झाले, परंतु बोलोन्याच्या बाईला नेपल्सची बोली कळत नव्हती आणि नेपल्सच्या बाईला बोलोन्याचा पदार्थ ठाऊक नव्हता. आर्तुझीने फ्रेंच शब्दांनी बुजबुजलेली पाकशास्त्राची परिभाषा टाकून स्वच्छ तोस्कानी इटालियनमध्ये लिहिले, आणि सामान्य घरात ते पुस्तक पोहोचले. राष्ट्राच्या ऐक्यास या पुस्तकाने मान्झोनीच्या विख्यात कादंबरीपेक्षाही अधिक हातभार लावला, असे मत पिएरो काम्पोरेझी या विद्वानाने १९७० मध्ये मांडले. मला यात थोडी अतिशयोक्ती वाटते, कारण दक्षिणेकडील कित्येक प्रांतांना आर्तुझीने जवळजवळ वगळले आहे. परंतु पत्रव्यवहारातून राष्ट्राचे भोजन आकारास आले, ही गोष्ट खरी.

आणि तरीही मुखपृष्ठावर नाव एकाचेच होते. प्रत्यक्ष चुलीपाशी उभ्या असत त्या मारिएत्ता साबातिनी आणि त्यांच्या जोडीला आचारी फ्रांचेस्को रुफिल्ली. यजमानांनी पत्र वाचून दाखवावे व या दोघांनी तो पदार्थ सिद्ध करावा, जमेपर्यंत करीत राहावा, असा क्रम असे. आर्तुझी कृतघ्न नव्हता. एका गोड पावाला त्याने मारिएत्ताचे नाव दिले, आणि मृत्युपत्राने पुस्तकाचे हक्क या दोघा सेवकांच्या नावे करून ठेवले. पाकशास्त्राच्या इतिहासात असे औदार्य विरळा. आपल्याकडे याच सुमारास, १९१० मध्ये, लक्ष्मीबाई धुरंधर यांचे ‘गृहिणीमित्र अथवा एक हजार पाकक्रिया’ हे पुस्तक निघाले. तेथे लिहिणारी स्त्रीच होती आणि नावही तिचेच होते, हे मराठी श्रोत्यांनी अभिमानाने लक्षात ठेवावे.

काही वर्षांपूर्वी मी सपत्नीक याच प्रांतात हिंडत असता बोलोन्याजवळच्या एका घरी असा पाठ घेतला. शिकवणाऱ्या बाई सत्तरीच्या आसपासच्या होत्या. माणशी शंभर ग्रॅम मऊ गव्हाचे पीठ आणि एक अंडे. पाणी नाही, मीठही नाही. पंधरा मिनिटे मळावयाचे, अर्धा तास झाकून ठेवावयाचे, आणि मग हातभर लांब लाटण्याने लाकडी फळीवर लाटावयाचे. आपण पोळी दाबून लाटतो. त्या बाई दाबण्यापेक्षा ताणीत होत्या. पोळी लाटण्यावर गुंडाळावयाची, तळवे मध्यापासून कडेकडे सरकवावयाचे आणि गुंडाळी उलगडावयाची. ती इतकी पातळ हवी की तिच्यातून टेकडीवरचे सान लुकाचे देऊळ दिसावे, असे बोलोन्यात म्हणतात. माझ्या पोळीतून काय दिसले असते ते न सांगितलेलेच बरे. सौभाग्यवतींची मात्र, पुरणपोळीचा हात असल्यामुळे, पुष्कळ बरी साधली. पीठ नेमके किती घ्यावे, असे मी सरकारी नोकराच्या सवयीने पुनःपुन्हा विचारीत होतो. “सिन्योरे, अंडे मागेल तेवढे,” असे त्यांचे उत्तर. इटालियन पुस्तकांत याकरिता ‘क्वान्तो बास्ता’ असा शब्दप्रयोग असतो. आपले ‘चवीपुरते’ आणि ‘अंदाजाने’ ते हेच.

शाकाहारी श्रोत्यांनी निराश होऊ नये. दक्षिणेत पुल्या प्रांतात रवाळ पीठ व पाणी एवढ्यावरच ‘ओरेक्किएत्ते’ नावाच्या चिमुकल्या वाट्या करतात. ते पीठ ड्युरम गव्हाचे, आणि आपला बन्सी गहू त्याच जातीचा आहे.

अशा घरी ‘आजीची प्राचीन परंपरा’ हे शब्द फार कानांवर येतात. त्यांविषयी थोडे सावध असावे. टोमॅटो अमेरिकेतून आला. इटालियन वनस्पतिशास्त्रज्ञ मात्तिओली याने १५४४ मध्ये त्याचा उल्लेख केला. त्याची चटणी छापील ग्रंथात यावयास सतरावे शतक संपत आले, आणि शेवयांवर ती पडावयास त्याहूनही अधिक काळ गेला. पोर्तुगीजांबरोबर आलेल्या मिरचीवाचून आपला स्वयंपाक आज होत नाही, तसेच हे. मार्को पोलोने शेवया चीनहून आणल्या ही कथा तर साफ निराधार. तो १२९५ मध्ये परतला. जेनोव्हातील एका लेखप्रमाणकाने १२७९ मध्येच एका मृताच्या मालमत्तेच्या यादीत मॅकरोनीने भरलेले भांडे नोंदले आहे. ‘ताल्यातेल्ले’ या रुंद शेवया एका राजकन्येचे सोनेरी केस पाहून सुचल्या, हीही आख्यायिका ऑगस्टो मायानी या विनोदी चित्रकाराने १९३१ मध्ये रचलेली. याच शेवयांची शिजल्यावरची अधिकृत रुंदी ८ मिलिमीटर, म्हणजे आसिनेल्ली मनोऱ्याच्या उंचीचा १२,२७० वा भाग, असे ठरवून तो दस्तऐवज १६ एप्रिल १९७२ रोजी बोलोन्याच्या वाणिज्य मंडळात रीतसर दाखल केलेला आहे. दप्तराची आवड आपल्याच लोकांना आहे असा माझा समज होता.

आख्यायिकांपेक्षा गंभीर गोष्ट निराळी आहे. उत्तरेतील गरीब शेतकरी अंड्याच्या शेवया रोज खात नसे. तो मक्याची ‘पोलेन्ता’ खाई, आणि केवळ तिच्यावर जगल्यामुळे व्हेनेतो व लोम्बार्दी भागांत अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत हजारो लोक ‘पेलाग्रा’ या रोगाने वेडे झाले व मेले. रोमान्यात जमीन अर्धेलीने कसली जाई. मोठ्या एकत्र कुटुंबात पीठ, अंडी, कोंबड्या यांचा हिशेब घरच्या थोरल्या बाईच्या हाती असे. तिला ‘आझ्दोरा’, म्हणजे घर चालवणारी, असे म्हणत. शेवया ही सणावाराची चैन होती, आणि तिच्याकरिता अंडी जपून ठेवण्याचे काम या बाईचे. लाटणे हे तिचे भूषण खरेच, पण बंधनही होते. १९६४ च्या कायद्याने अर्धेलीचे नवे करार बंद झाले. त्याआधीच तरुण पिढी कारखान्यांकडे निघून गेली होती. मुली टंकलेखन शिकल्या, आणि लाटणी भिंतीवर टांगली गेली.

आमच्या शिक्षिकाबाई त्यांच्यांतल्याच. लहानपणी आजीने स्टुलावर उभे करून लाटावयास लावले, तेव्हा रडू येई, असे त्या म्हणाल्या. पुढे तीस वर्षे त्यांनी एका कचेरीत हिशेब लिहिले. निवृत्तीनंतर परदेशी लोक या कामाचे पैसे देतात असे कळले, तेव्हा त्यांनी लाटणे पुन्हा खाली काढले. विकलेले आतिथ्य ते कसले आतिथ्य, असा आक्षेप काही जण घेतात. मला तो पटत नाही. ज्या कष्टांची किंमत त्यांच्या आजीला कधी मिळाली नाही, ती नातीने मागितली तर त्यात उणेपणा कोणता?

फोर्लिम्पोपोलीत २००७ पासून ‘कासा आर्तुझी’ नावाची संस्था आहे. तेथे पाहुण्यांना शेवया लाटावयास शिकवणाऱ्या स्त्रियांचे एक मंडळ असून त्या स्वतःला ‘मारिएत्ते’ म्हणवतात. घरी स्वयंपाक करणाऱ्या हौशी मंडळींकरिता त्या गावी जे पारितोषिक ठेवले आहे, त्यालाही मारिएत्ताचेच नाव आहे. १० डिसेंबर २०२५ रोजी युनेस्कोच्या समितीने इटालियन पाककलेस मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत स्थान दिले. ती बैठक आपल्या दिल्लीत, लाल किल्ल्यात भरली होती, आणि त्याच दिवशी त्याच यादीत दीपावलीचाही समावेश झाला.