डाळिंबाचं पाणी कधी तोडायचं? परसबागेच्या इतिहासाचा एक पुरावा

माझ्या सिनॉप्सिसच्या पहिल्या मसुद्यात एक वाक्य होतं : "प्राचीन काळी डाळिंबाला उन्हाळ्यात दिवसातून दोन वेळा पाणी दिले जात असे." संदर्भ बृहत्संहितेचा. वाक्य मलाही आवडलं होतं. सुट्टीत गावी गेले तेव्हा सहज आजीला वाचून दाखवलं, तर ती हसायलाच लागली. "दोन येळा? मग डाळिंब कशाला लागतंय गं? नुसता पाला यील."

घरी येऊन मूळ अध्याय पुन्हा काढला. बृहत्संहिता हा वराहमिहिराचा सहाव्या शतकातला ग्रंथ, आणि त्यात वृक्षायुर्वेदावर एक स्वतंत्र अध्याय आहे. पाण्याचा नियम तिथं खरंच आहे : उन्हाळ्यात सकाळ-संध्याकाळ, थंडीत एक दिवसाआड, पावसाळ्यात जमीन सुकली तर. पण हा नियम लावलेल्या, म्हणजे रोपण केलेल्या झाडांचा. तो एक शब्द मी गिळून टाकला होता. त्याच अध्यायात आधी, फांदी लावून वाढवायच्या झाडांची यादी येते. फणस, अशोक, केळ, जांभूळ यांच्यासोबत त्यात दाडिम आहे, आणि फांदीला शेण लावून ती लावा असं सांगितलंय. मी हे दोन श्लोक जोडले आणि एक न घडलेला इतिहास तयार केला!

नव्या फांदीला मुळं नसतात, म्हणून तिला वरचेवर पाणी लागतं. तीन-चार वर्षांच्या झाडाचं गणित उलटं असतं. डाळिंबाला सारखं पाणी मिळत राहिलं तर ते वाढतच राहतं, आणि फुलं आली तरी थोडी थोडी, वर्षभर विखरून येतात. एकदम बहार हवा असेल तर आधी पाणी तोडावं लागतं. याला आपल्याकडे 'ताण देणे' म्हणतात. हलक्या जमिनीत महिना-दीड महिना, काळ्या जमिनीत ओल टिकते म्हणून त्याहून जास्त. पानं पिवळी पडून गळतात, झाडाची वाढ थांबते आणि फांद्यांत अन्न साठतं. मग हलकी छाटणी, आळं खणून खत, आणि पहिलं पाणी बेतानंच. पुढे मात्र पाण्यात खंड नको. फळ मोठं होताना झाड कोरडं पडलं आणि नंतर भसाभसा पाणी मिळालं, की डाळिंब उलतं.

आता यात इतिहास कुठाय? माझ्या मते तो बहारांच्या नावांत आहे. 'बहार' हा शब्द फारसी, अर्थ वसंत. पण मराठी शेतकऱ्यानं त्याला आपल्या पंचांगातली विशेषणं लावली. जूनमध्ये सूर्य मृग नक्षत्रात जातो तेव्हाचा मृग बहार, सप्टेंबरअखेरचा हस्त बहार, आणि आंब्याला मोहोर येतो तेव्हा, जानेवारी-फेब्रुवारीत, धरायचा तो आंबे बहार. फुलापासून फळ तयार व्हायला पाच-सहा महिने लागतात. म्हणजे आंबे बहाराचं फळ पोसायचं ते नेमकं मार्च ते मे, विहिरी तळाला जातात तेव्हा. मृग बहाराचा ताण उन्हाळ्यात आपोआप बसतो आणि पहिलं पाणी आभाळ देतं. हस्ताला ताण द्यायचा तर भर पावसाळ्यात, त्यामुळे तो पावसाच्या मर्जीवर.

म्हणून एखादी म्हातारी "आमच्यात मृगच धरायचे" असं म्हणते तेव्हा ती बहुधा घरच्या पाण्याबद्दल काहीतरी सांगत असते. 'बहुधा' हा शब्द मुद्दाम वापरला. पावसाळी हवेत तेल्या वाढतो, म्हणून पाणी कमी असूनही मृग टाळणारे लोक आज आहेत. तेव्हा मुलाखतीत कोणत्या काळाबद्दल बोलणं चाललंय हे आधी विचारा.

दप्तरात हे का सापडत नाही, तेही बघा. सारा आकारणारे जिरायत-बागायत वेगळं करत, बागायतीत मोटस्थळ आणि पाटस्थळ असे भेद करत, कारण पाण्यावर सारा ठरायचा. परसातलं डाळिंब मात्र गावठाणात, शेतसाऱ्याच्या बाहेर. त्याला पाणी मोटेचंही नाही नि पाटाचंही नाही, न्हाणीचं. ज्याच्यावर सारा नाही त्याची नोंद कोण करणार? छापील कागदांवर विसंबलं तर असं वाटेल, की महाराष्ट्रात डाळिंब १९३६ च्या सुमारास सुरू झालं. तेव्हा पुण्याच्या गणेशखिंडीत डॉ. चीमा यांनी आळंदी वाणाच्या रोपांतून मऊ बियांचं एक झाड निवडलं, तेच पुढे 'गणेश' झालं. त्यानंतर १९९० मधली रोजगार हमीची फळबाग योजना, ठिबक, भगवा वाण, निर्यात. कागदच कागद. त्यावर लिहिणारे पुष्कळ आहेत, मी तो भाग सोडते.

माझ्यासाठी खरी गोष्ट आजीच्या न्हाणीच्या मागे होती. तिथून मातीची एक सारणी डाळिंबाच्या आळ्यात जायची. मार्गशीर्ष लागला की आजी खुरप्यानं चार ढेकळं काढून सारणी वळवायची. लहानपणी मला वाटायचं, ती डाळिंबावर रुसलीय. ती ताण देत होती. आमच्याकडे विहीर नव्हती, तरी परसात आंबे बहार व्हायचा, कारण आंघोळीचं पाणी उन्हाळ्यातही रोज निघतं. (म्हणजे वरचा माझा विहिरीचा नियम परसाला लागू पडत नाही. सिनॉप्सिसमध्ये हे कसं बसवायचं यावर गाइडशी अजून वाद चालू आहे.)

वाक्य मी खोडलं. प्रश्नावलीतला एक प्रश्नही बदलला. आधी होता, "डाळिंबाला किती पाणी घालायचात?" त्यावर सगळ्या बायका म्हणायच्या, "लागंल तेवढं." आता विचारते, "पाणी कधी बंद करायचात, आणि तेव्हा ते कुठं जायचं?" पहिलं उत्तर आजीकडूनच घेतलं. ती म्हणाली, "अळवाला. आणि तुझ्या चुलतआजीचं न् माझं भांडण त्यावरनंच व्हायचं, तिला केळीला पायजे असायचं."