सोनखताचं स्वप्न

केळव्याला आजीकडे गेलो असताना एका पहाटे मला फार घाण स्वप्न पडलं. वाडीतल्या पाटात पाण्याऐवजी मैला वाहत होता आणि मी त्यात गुडघाभर उभा होतो. जाग आल्यावर आधी आंघोळ केली, मग आजीसमोर जाऊन बसलो. ती तांदूळ निवडत होती. मी स्वप्न सांगितलं. तिने सुपावरून मान वर केली.

"अजून कुणाला सांगितलंस?"

"नाही."

"मग सांगू नकोस. पैसा येणार तुला. किती वाजता पडलं?"

"पहाटे."

"म्हणजे लवकरच."

पुढच्या दहा दिवसांत आला तो नेहमीचा पगार. पण आजीच्या आवाजातली खात्री डोक्यातून जाईना. माझं काम सॉफ्टवेअरचं आहे. एखादं उत्तर इतक्या झटकन आलं, की त्यामागे कुठेतरी तक्ता असणार, हे मला सवयीने कळतं. तो तक्ता कुणी लिहिला, कधी लिहिला आणि त्यात 'मैला' या नोंदीसमोर 'धनलाभ' का लिहिलं, हे शोधायला मी बसलो.

आजीचा तक्ता पंचांगाच्या मागच्या पानांवरचा. तिथे पाल अंगावर पडण्याच्या फळांशेजारी स्वप्नफलं छापलेली असतात. पंचांगकर्त्यांनी ती घेतली संस्कृत स्वप्नाध्यायांतून. असे अध्याय मत्स्यपुराणात आहेत, अग्निपुराणात आहेत. ब्रह्मवैवर्तपुराणात तर खुद्द कृष्ण नंदाला शुभ स्वप्नं कोणती ते सांगतो. बाराव्या शतकाच्या सुमाराला जगद्देवाने 'स्वप्नचिंतामणी' हा स्वतंत्र ग्रंथच रचला. आजीचा 'किती वाजता' हा प्रश्नही तिथलाच. रात्रीच्या पहिल्या प्रहरातलं स्वप्न वर्षभरात फळतं, दुसऱ्यातलं सहा महिन्यांत, तिसऱ्यातलं तीन महिन्यांत आणि अरुणोदयाचं दहा दिवसांत. स्वप्नाध्यायांतून पुन्हा पुन्हा भेटणाऱ्या एका श्लोकात बैल, हत्ती, राजवाडा, डोंगर यांवर चढणं शुभ म्हटलंय आणि त्याच दमात अंगाला विष्ठा फासली जाणं, रडणं आणि मरणंही.

वैद्यांची साक्ष याहून मजेशीर आहे. साधारण सातव्या शतकातल्या वाग्भटाने 'अष्टांगहृदया'च्या शारीरस्थानात, सहाव्या अध्यायात, स्वप्नांचा विचार केलाय. तो ज्योतिषी नव्हे. रोगी जगेल की जाईल, हे ओळखायला वैद्याने कोणती लक्षणं पाहावीत, असा तिथला विषय आहे. अशुभ स्वप्नांच्या यादीत तो उलटी होणं आणि जुलाब होणं घालतो, आणि त्यांच्याच शेजारी सोनं मिळणंही घालतो. शुभ स्वप्नांच्या यादीत पांढरी फुलं, वस्त्र, फळ यांच्या रांगेत तो 'अमेध्यालेपन' घालतो. म्हणजे अंगाला घाण माखली जाणं. एकाच वैद्याच्या एकाच अध्यायात स्वप्नातलं सोनं वाईट आणि स्वप्नातली घाण चांगली.

याचा सोपा अर्थ 'स्वप्नात सगळं उलटं असतं' असा लावला जातो. रडणं शुभ आणि हसणं, नाचणं, लग्न अशुभ, हे त्यात बसतं. पण हत्तीवर बसणं जागेपणीही मानाचंच, मग तेही उलटं व्हायला हवं होतं. तेव्हा नुसत्या उलटेपणाने काम भागत नाही. मैल्याचा आणि पैशाचा काही थेट संबंध असावा लागतो.

तो संबंध केळव्यात राहणाऱ्या माणसाला सांगावा लागत नाही. आमच्या गावाची ओळख समुद्रकिनारा आणि सुरूची झाडं अशी शहरात पोचली असली, तरी गाव जगलं ते वाड्यांवर. पानवेल, केळी, नारळ. वाडी म्हणजे पाणी आणि खत. ज्याच्या गोठ्यात शेण जास्त त्याची वाडी हिरवी, आणि ज्याची वाडी हिरवी त्याच्या घरात पैसा. भातशेतीत रोपांसाठी राब भाजायचा तोही शेणाचा आणि पालापाचोळ्याचा. इथे शेणाला घाण म्हणणारा माणूस शेतकरी नसतो.

हा संबंध धर्मग्रंथांनीही नोंदवलाय. ऋग्वेदाला जोडलेल्या श्रीसूक्तात लक्ष्मीचं एक विशेषण आहे, 'करीषिणी'. करीष म्हणजे शेण. करीषिणी म्हणजे शेणाने समृद्ध असलेली. महाभारताच्या अनुशासनपर्वात एक कथा आहे. श्री गाईंकडे येऊन म्हणते, मला तुमच्यात राहू द्या. गाई नकार देतात, तू चंचल आहेस म्हणतात. ती विनवण्या करते, तेव्हा त्या तिला आपल्या शेणात आणि मूत्रात जागा देतात, आणि ती आनंदाने तिथे राहते. आपण लक्ष्मीपूजनाला नवी केरसुणी पूजतो, तेव्हाही लक्ष्मीचा आणि कचऱ्याचा शेजार मान्य करत असतो. केळव्याची ग्रामदेवता शीतलादेवी. तिच्या परंपरेने चालत आलेल्या रूपात वाहन गाढव आहे आणि हातात झाडू आहे.

जगभर मात्र एकमत नाही. दुसऱ्या शतकातला ग्रीक स्वप्नपंडित आर्टेमिडोरस गुरांचं शेण शेतकऱ्याला लाभाचं सांगतो, पण माणसाच्या मैल्याचा ढीग दिसला तर संकटं येणार म्हणतो. त्याचा ग्रंथ नवव्या शतकात अरबीत गेला. इब्न सिरीनच्या नावावर चालत आलेल्या अरबी परंपरेत मैला म्हणजे पैसा, पण बऱ्याचदा वाममार्गाचा. विसाव्या शतकात फ्रॉइडने हा धागा लहान मुलाच्या मनापर्यंत नेला. १९०८ च्या लेखात त्याने पैसा आणि विष्ठा यांच्या जुन्या नात्याकडे बोट दाखवलं. १९११ मध्ये ओपेनहाइम या अभ्यासकाबरोबर त्याने लोककथांतल्या स्वप्नांवर एक टिपण लिहिलं. ते छापून आलं थेट १९५८ मध्ये. त्यातल्या एका प्रकारच्या कथेत माणसाला स्वप्नात गुप्तधन सापडतं. जागा लक्षात राहावी म्हणून काय खूण करावी? तर तिथेच बसावं. सकाळी उठतो तेव्हा धन नसतं, खूण तेवढी अंथरुणात असते.

एवढं जमवून मी आजीला मोठ्या उत्साहाने वाचून दाखवलं. करीषिणी तिला आवडली. फ्रॉइडची गोष्ट ऐकून ती पदर तोंडाला लावून हसली. मग थोडा वेळ गप्प बसली आणि म्हणाली, "आम्ही मुंबईला मामाकडे राहायचो ना, तिथे टोपलीचे संडास होते. मागच्या घरगल्लीतून एक बाई यायची. टोपली डोक्यावर. पावसाळ्यात ते गळायचं तिच्या तोंडावर. आम्हा पोरांना मामी आत ओढायची, शिवू नका म्हणून. तिला रोजच दिसायचं की रे ते. तिला कुठे आला पैसा?"

माझ्या टिपणांत याचं उत्तर नव्हतं. निदान मला तसं वाटलं. मुंबईत असं काम करणाऱ्यांना हलालखोर म्हणत. घरगल्ल्या त्यांच्यासाठीच ठेवलेल्या असत, म्हणजे ते पुढच्या दाराने दिसायला नकोत. मी पुन्हा वैद्यांकडे गेलो, आणि उत्तर तिथेच निघालं.

चरक इंद्रियस्थानात स्वप्नांचे सात प्रकार करतो: दृष्ट, श्रुत, अनुभूत, प्रार्थित, कल्पित, भाविक आणि दोषज. पाहिलेलं, ऐकलेलं, अनुभवलेलं, इच्छिलेलं, कल्पिलेलं, पुढचं सुचवणारं आणि शरीरातल्या दोषांतून आलेलं. यातले पहिले पाच निष्फळ. नियम समंजस आहे. दिवसभर जे डोळ्यांसमोर असतं ते रात्री दिसलं तर त्यातून भविष्य कशाला काढायचं? मीही दिवसभर कोड पाहतो आणि रात्री कोडची स्वप्नं पाहतो. त्यांचं फळ मिळत नाही, हे बरंच आहे.

पण हाच नियम घरगल्लीतल्या बाईला लावून पाहा. तिचं स्वप्न 'दृष्ट' आणि 'अनुभूत'. म्हणून निष्फळ. मैल्याचं स्वप्न धन आणतं ते फक्त त्याला, ज्याचा जागेपणी मैल्याशी संबंध येत नाही. चरकाने हे तिला वगळण्यासाठी लिहिलं, असं माझं म्हणणं नाही. त्याच्यासमोर रोगी होता. पण जिथे हे काम जन्माने वाटून दिलं, त्या समाजात हा तक्ता आल्यावर त्याने आपोआप तिला वगळलं. तिच्या डोक्यावरचं ओझं मामीच्या घरात स्वप्न होऊन आलं की लक्ष्मी, आणि तिच्या स्वप्नात आलं की नुसता दिवसाचा उरलेला भाग.

कोणाच्या विष्ठेला काय किंमत, हे आपण किती काटेकोरपणे ठरवतो याचा दाखला महाडला मिळाला. २० मार्च १९२७ ला डॉ. आंबेडकरांनी आणि त्यांच्याबरोबरच्या हजारो माणसांनी चवदार तळ्याचं पाणी प्यायलं. त्यानंतर सवर्णांनी तळं 'शुद्ध' केलं ते शेण-गोमूत्र घातलेल्या पंचगव्याने. माणसाच्या ओंजळीने बाटलेलं पाणी जनावराच्या शेणाने शुद्ध झालं.

मराठीत माणसाच्या मैल्याच्या खताला एक सुंदर शब्द आहे: सोनखत. स्वप्नाध्यायाने स्वप्नात जोडलेलं नातं या शब्दाने जमिनीवर आणून जोडलं. आणि ते स्वतःच्या हाताने जोडणारा माणूस कोकणातलाच. आप्पासाहेब पटवर्धन, जन्म १८९४, जातीने ब्राह्मण. १९३२ मध्ये रत्नागिरीच्या तुरुंगात त्यांनी सफाईचं काम मागितलं. तुरुंगातही कामं जातीप्रमाणे वाटलेली, म्हणून नकार मिळाला. त्यांनी उपवास धरला. येरवड्यात असलेल्या गांधींनी त्या डिसेंबरात त्यांच्यासाठी उपवास सुरू केला, तेव्हा सरकार नमलं. पुढे कणकवलीला आप्पांनी गोपुरी आश्रम उभा केला आणि मैल्याचं खत होईल, पण ते डोक्यावर वाहायला माणूस लागणार नाही, असा संडास घडवण्यात वर्षं घातली. १९७१ मध्ये ते गेले. त्यांच्या वाटेने जाणाऱ्यांत देहूच्या आरोग्यकेंद्रातले डॉ. मापुसकर होते, ज्यांनी संडासाला गोबरगॅस जोडून गावातल्या चुली पेटवल्या. त्यांना २०१७ मध्ये मरणोत्तर पद्मश्री मिळाली.

देहूचं नाव आलं की तुकोबांचं स्वप्न आठवतंच. गुरूपदेश त्यांना स्वप्नात झाला, आणि अभंग रचण्याची आज्ञा घेऊन नामदेव स्वप्नात आले. आमच्या टापूचा जुना इतिहास सांगणाऱ्या 'महिकावतीच्या बखरी'तही, जी राजवाड्यांनी १९२४ मध्ये छापली, मालाडच्या नायकोरावाला देवी स्वप्नात येऊन महाराष्ट्रधर्म राखायला सांगते. या दोन्ही स्वप्नांत कुणाला काही मिळालेलं नाही. स्वप्न पाहणाऱ्यावर काम येऊन पडलंय. पंचांगातलं स्वप्न विचारतं, मला काय मिळेल. दृष्टांत विचारतो, आता तू काय करणार.

डोक्यावरून मैला वाहण्याची प्रथा बंद करणारा कायदा १९९३ मध्ये झाला, तो पुरला नाही म्हणून २०१३ मध्ये दुसरा झाला. मार्च २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गटारात उतरून मेलेल्या माणसाच्या कुटुंबाला १० लाख रुपये द्यायला सांगितले. ऑक्टोबर २०२३ मध्ये ती रक्कम ३० लाख झाली, कारण माणसं गटारात उतरायची आणि मरायची थांबली नव्हती. मैल्यात गळ्यापर्यंत बुडालेल्या माणसाला होणाऱ्या धनलाभाचा, जागेपणीचा, सरकारी दर हा असा आहे. आणि तो त्याच्या हातात पडत नाही.

आजीला हे शेवटचं मी वाचून दाखवलं नाही. पण परवा फोनवर तिनेच विचारलं, "ते मैल्याचं लिहीत होतास, झालं का?" मी झालं म्हटलं. "मग त्या बाईचं लिहिलंस?" म्हणाली. "लिहिलं." "नाव नाही आठवत रे तिचं," आजी म्हणाली. "म्हणजे, आम्ही कधी विचारलंच नव्हतं."