खुब्याच्या सांध्याची च्युती : उपचारांचा इतिहास

मांडीच्या हाडाचे (ऊर्वस्थीचे) गोलाकार शीर्ष श्रोणीच्या बाजूस असलेल्या उलूखल नावाच्या खोलगट खोबणीतून संपूर्णपणे बाहेर पडले म्हणजे खुब्याच्या सांध्याची पूर्ण च्युती झाली असे म्हणतात. शीर्ष जागेवरून सरकले, पण त्याचा काही भाग खोबणीच्या पृष्ठाला चिकटून राहिला, तर तिला अंशच्युती म्हणतात. बोलीभाषेत दोहोंनाही ‘खुबा निखळणे’ असेच म्हटले जाते. मात्र दोहोंची कारणे, लक्षणे व परिणाम यांत बराच फरक असतो. पूर्ण च्युती बहुधा एका क्षणात, मोठ्या आघाताने होते व रुग्ण जागचा हलू शकत नाही. अंशच्युती पुष्कळदा जन्मापासून असते, दुखत नाही आणि म्हणूनच वर्षानुवर्षे लक्षात येत नाही.

शरीरातील सांध्यांमध्ये खुबा हा विशेष मजबूत सांधा आहे. त्याची खोबण खोल असून तिच्या काठावर तंतूपास्थीचे कडे असते. भोवती जाड संपुट, बळकट अस्थिबंध व मोठे स्नायू असतात. खांद्याचा सांधा साध्या पडण्याने निखळतो, खुबा तसा निखळत नाही. त्यामुळे प्रौढ माणसाचा खुबा निखळला असेल, तर आघात फार मोठा होता असे समजून डोके, पोट, गुडघा व श्रोणी यांचीही तपासणी करावी लागते.

प्राचीन वैद्यकात या विकाराची चांगली जाण होती. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानात भग्नाचे कांडभग्न व संधिमुक्त असे दोन वर्ग केले असून संधिमुक्ताचे उत्पिष्ट, विश्लिष्ट, विवर्तित, अवक्षिप्त, अतिक्षिप्त व तिर्यक्‌क्षिप्त असे सहा प्रकार सांगितले आहेत. त्यांतील विश्लिष्टाचे वर्णन (सूज थोडी, वेदना मात्र सतत) आजच्या अंशच्युतीशी बरेच जुळते. चिकित्सास्थानात ओढणे, दाबणे, जागेवर बसविणे व बांधणे हा क्रम दिला आहे. मांडीच्या हाडासाठी चक्राच्या साहाय्याने ताण देण्याची, तसेच रुग्णास फळीवर निजवून पाच खुंट्यांनी अवयव स्थिर ठेवण्याची कपाटशयन नावाची पद्धत त्यात आहे. ताण देऊन हाड जागेवर आणणे व नंतर ते हलू न देणे ही दोन तत्त्वे आजही बदललेली नाहीत.

ग्रीक वैद्य हिपॉक्राटीझ (इ. स. पू. सु. ४६०–३७०) यांच्या नावावरील सांध्यांविषयीच्या ग्रंथात खुबा चार दिशांनी निखळतो असे म्हटले आहे. रुग्णास लाकडी बाकावर निजवून दांडे व रहाट यांच्या साहाय्याने पाय ओढण्याची युक्तीही त्यात वर्णिली आहे. लहानपणी निखळलेला खुबा तसाच राहिल्यास मांडी आखूड राहते व पाय बारीक होतो, हेही या ग्रंथकाराने टिपून ठेवले आहे. सांधा आतल्या बाजूस निखळण्याचे प्रमाण सर्वाधिक, हे त्याचे मत मात्र पुढे टिकले नाही. आघाताने होणाऱ्या च्युतींपैकी सुमारे नऊ-दशांश पश्च (मागील बाजूच्या) असतात.

यानंतरच्या सुमारे दोन हजार वर्षांत उपचारांत मूलभूत बदल झाला नाही. बळ वाढत गेले, ज्ञान तितके वाढले नाही. रुग्ण शुद्धीवर असताना त्याच्या मांडीचे स्नायू वेदनेने आवळले जात व त्यांच्याविरुद्ध चार-पाच माणसांना कप्प्या व दोर लावून झटावे लागे. सर ॲस्टली कूपर (१७६८–१८४१) यांनी १८२२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात अशा कप्प्यांचा उपयोग पद्धतशीरपणे सांगितला आहे. परिस्थिती पालटली ती ईथरमुळे. १८४६ मध्ये बॉस्टन येथे ईथर देऊन वेदनारहित शस्त्रक्रिया करण्यात आली. ही वार्ता वैद्यकीय जगतास सविस्तर कळविणारे हेन्री जेकब बिगेलो (१८१८–९०) यांनीच पुढे १८६९ मध्ये खुब्याच्या च्युतीची यंत्रणा स्पष्ट केली. सांध्याच्या पुढील बाजूस उलट्या ‘वाय’ या इंग्रजी अक्षराच्या आकाराचा जो बळकट अस्थिबंध असतो, तो च्युतीतही सहसा तुटत नाही. पायाची विशिष्ट ठेवण त्याच्यामुळेच येते आणि मांडी वाकवून तो सैल केल्यास हाड थोड्या बळाने आत जाते, असे त्यांनी दाखविले. फिलाडेल्फियाचे ऑस्कर ॲलिस यांनी १८९६ मध्ये या विषयावर निबंध प्रसिद्ध केला. त्यांच्या नावाने ओळखली जाणारी पद्धत अद्याप सर्वाधिक वापरात आहे. १८९५ मध्ये क्ष-किरणांचा शोध लागल्यावर हाताला जाणवणारी गोष्ट डोळ्यांनाही दिसू लागली.

जन्मजात च्युतीचा इतिहास वेगळ्या मार्गाने गेला. फ्रेंच शस्त्रक्रियाविशारद द्यूप्वीत्रां यांनी १८२६ मध्ये तिचे स्वतंत्र वर्णन केले. व्हिएन्नाचे आडोल्फ लोरेन्झ (१८५४–१९४६) यांनी चीरफाड न करता, मुलाच्या मांड्या बेडकाप्रमाणे फाकवून सांधा बसविण्याची व प्लॅस्टरमध्ये ठेवण्याची पद्धत रूढ केली. १९०२ मध्ये शिकागो येथील एका धनाढ्य कुटुंबातील मुलीच्या उपचारांसाठी त्यांना अमेरिकेत बोलाविण्यात आले तेव्हा ते विशेष गाजले. तथापि मांड्या अतिशय ताणून ठेवल्याने शीर्षाचा रक्तपुरवठा तुटतो व ते मृत होते, हे पुढे लक्षात आले. निदान जितके लवकर तितका उपचार सोपा, ही गोष्ट इटलीतील बालरोगतज्ञ मारीनो ऑर्तोलानी यांच्या १९३७ मधील परीक्षेने आणि इंग्लंडमधील बार्लो यांच्या १९६२ मधील परीक्षेने प्रस्थापित झाली. नवजात बालकाच्या मांड्या हळुवार फाकवताना निखळलेले शीर्ष खोबणीत परतल्याचा हाताला जाणवणारा टणका, हे पहिल्या परीक्षेचे सार होय. ऑस्ट्रियाचे राइनहार्ट ग्राफ यांनी १९८० मध्ये श्राव्यातीत ध्वनीने खोबणीची खोली मोजण्याची पद्धत दिली. १९८९ नंतर ‘जन्मजात’ या शब्दाऐवजी ‘विकासजन्य’ ही संज्ञा रूढ होत गेली, कारण काही बालकांत जन्मतः सैल असलेला सांधा नंतर निखळतो.

हा दोष मुलींत, पायाळू बालकांत व पहिलटकरणीच्या अपत्यांत अधिक आढळतो. बाळास पाय सरळ ताणून घट्ट गुंडाळण्याची चाल असलेल्या समाजांत त्याचे प्रमाण वाढते. जपानमध्ये १९७५ च्या सुमारास ही चाल सोडण्याविषयी मोहीम काढल्यावर प्रमाण पुष्कळ उतरले. महाराष्ट्रात मूल कडेवर घेतात, त्या वेळी त्याच्या मांड्या फाकलेल्या व वाकलेल्या असतात आणि सांध्याच्या दृष्टीने ही ठेवण उत्तम होय. दुपट्यात पाय जुळवून करकचून बांधणे आणि न्हाऊ घालताना पाय धरून ओढणे मात्र टाळावे. सहा महिन्यांच्या आत निदान झाल्यास पाव्हलिक यांच्या पट्ट्यांनी बहुतेक बालके शस्त्रक्रियेविना बरी होतात. त्यानंतर शुद्धिहरण करून सांधा बसविणे व प्लॅस्टर घालणे, आणि चालू लागलेल्या मुलात शस्त्रक्रिया, प्रसंगी कॅनडाचे सॉल्टर यांनी १९६१ मध्ये वर्णिलेले श्रोणीचे अस्थिछेदन, करावे लागते. मूल लंगडत किंवा बदकासारखे डुलत चालते हे पाहूनच पालक प्रथम येतात, ही आपल्याकडील नेहमीची गोष्ट होय.

महाराष्ट्रात आणखी एक वर्ग मोठा होता. पोलिओने एका बाजूचे स्नायू लुळे पडले की उरलेल्या स्नायूंच्या ओढीने खुबा हळूहळू सरकतो. मुंबईत फातेमा इस्माईल यांनी १९४७ मध्ये पोलिओग्रस्त मुलांसाठी काम सुरू केले आणि त्यातूनच पुढे हाजी अली येथील मुलांचे अस्थिव्यंग रुग्णालय उभे राहिले. २०१४ मध्ये भारत पोलिओमुक्त घोषित झाला. क्षय व तान्हेपणी सांध्यात होणारा पू यांमुळे होणाऱ्या च्युती मात्र संपलेल्या नाहीत. पिंपरी येथील हिंदुस्थान अँटिबायॉटिक्स या कारखान्यात १९५५ पासून पेनिसिलिनाचे उत्पादन होऊ लागले. अशा औषधांमुळे सांध्यातील पुवावरचा उपचार व सांधा उघडून करावयाची शस्त्रक्रिया, दोन्ही पूर्वीपेक्षा निर्धोक झाल्या.

त्याच पिंपरीच्या परिसरात आघातजन्य च्युतीची कारणे एकवटली. १९६२ मध्ये महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाल्यानंतर भोसरी, चिंचवड व आकुर्डी येथे वाहने व यंत्रे यांचे कारखाने वाढले. १९७० मध्ये पिंपरी-चिंचवडला नगरपालिका व १९८२ मध्ये महानगरपालिका मिळाली. कांद्याच्या बाजारपेठेसाठी प्रसिद्ध असलेले चाकण १९९० नंतर मोटारनिर्मितीचे केंद्र बनले. जुना मुंबई-पुणे रस्ता व पुणे-नाशिक रस्ता या पट्ट्यातून जातात. कच्चा माल, तयार गाड्या, कामगारांच्या बसगाड्या व दुचाक्या यांची वर्दळ त्यांवर अहोरात्र असते.

येथे सांधा निखळण्याचे दोन ठळक प्रकार संभवतात. वाहनात पुढे बसलेल्याचे गुडघे टकरीच्या वेळी समोरच्या फळीवर आदळतात. मांडी वाकलेली असल्याने आघात सरळ ऊर्वस्थीतून जाऊन शीर्ष मागे ढकलले जाते. अमेरिकेत १९३८ मध्येच या दुखापतीस ‘डॅशबोर्ड’ हे विशेषण लावले गेले होते. दुसरा प्रकार कारखान्यातील : वाकून काम करणाऱ्याच्या पाठीवर जड वस्तू कोसळणे. खाणकामगारांत तो पूर्वीपासून परिचित आहे. दुचाकीस्वाराच्या मांड्या फाकलेल्या असल्याने त्याच्यात अग्र (पुढील बाजूची) च्युतीही होऊ शकते.

पश्च च्युतीत पाय आखूड, किंचित वाकलेला व आत वळलेला दिसतो. अग्र च्युतीत तो बाहेर फाकलेला व बाहेर वळलेला असतो. वृद्धाच्या मांडीच्या हाडाची मान मोडली असता पाय आखूड होऊन बाहेर वळतो, हा भेद ध्यानात ठेवावा. अशा पायाला घटनास्थळी कोणीही ओढू नये. तो ज्या स्थितीत असेल त्याच स्थितीत उशी वा घडी केलेल्या कपड्याचा आधार देऊन रुग्णास हलवावे.

या विकारात वेळेला जे महत्त्व आहे, त्याचे कारण शरीररचनेत आहे. शीर्षाला रक्त पोहोचविणाऱ्या मुख्य रोहिण्या हाडाच्या मानेला लगटून जातात. सांधा निखळलेला असेपर्यंत त्या ताणलेल्या व पिळलेल्या राहतात. म्हणून शक्यतो सहा तासांच्या आत सांधा बसवावा, असा नियम आहे. विलंब होईल तसा शीर्षाच्या ऊतकमृत्यूचा धोका वाढतो. पूर्वी जखमीला मिळेल त्या मालमोटारीत घालून आणीत, आणि काही रुग्ण आधी हाडवैद्याकडे जात. हाडवैद्याच्या हाताला साध्या दुखापतींत गुण येत असला, तरी खुब्याच्या बाबतीत चोळण्या-बांधण्यात गेलेला दिवस भरून येत नाही. तीन आठवडे उलटलेली च्युती बहुधा शस्त्रक्रियेविना बसत नाही. पिंपरी येथील यशवंतराव चव्हाण स्मृती रुग्णालयामुळे या पट्ट्याला पुण्याच्या ससून रुग्णालयावर सर्वस्वी अवलंबून राहण्याचे कारण उरले नाही. २०१४ मध्ये राज्यात १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका सेवा सुरू झाली आणि मोटारवाहन कायद्यातील २०१९ च्या दुरुस्तीने अपघातग्रस्तास मदत करणाऱ्यास कायदेशीर संरक्षण मिळाले. पोलिसांच्या ससेमिऱ्याच्या भीतीने बघे दूर उभे राहत, ते पाहता ही तरतूद रुग्णवाहिकेइतकीच मोलाची मानावी लागेल.

रुग्णालयात प्रथम पाऊल वर उचलता येते की नाही हे पाहतात, कारण पश्च च्युतीत सांध्यामागून जाणारी आसनतंत्रिका सुमारे दहा ते वीस टक्के रुग्णांत दुखावते. नंतर क्ष-किरण चित्र घेऊन, शुद्धिहरण करून, सहायकाने श्रोणी दाबून धरावयाची व शल्यचिकित्सकाने गुडघा व खुबा काटकोनात वाकवून मांडी वरच्या दिशेने सावकाश ओढावयाची, अशी ॲलिस यांची पद्धत आहे. शीर्ष आत जाताना स्पष्ट आवाज येतो. पुन्हा चित्र घेऊन, शक्य तेथे सीटी स्कॅन करून, सांध्यात हाडाचा तुकडा अडकलेला नाही याची खात्री करावी लागते. तुकडा असल्यास किंवा खोबणीचा काठ मोठ्या प्रमाणात मोडला असल्यास शस्त्रक्रिया अटळ असते. विश्रांतीनंतर कुबड्यांच्या आधाराने चालणे सुरू करतात.

सांधा पुढे झिजलाच, तर कृत्रिम सांधा बसविता येतो. इंग्लंडचे जॉन चार्नली यांनी १९६२ मध्ये त्याची भरवशाची पद्धत सिद्ध केली. परंतु कृत्रिम सांधाही निखळू शकतो. उकिडवे बसणे व मांडी घालणे या ज्या सवयींवर आपले जेवण, शौच, शेतकाम व कारखान्यातील कितीतरी कामे अवलंबून आहेत, त्यांनाच अशा रुग्णास बहुधा मुकावे लागते. यामुळे तरुण कामगारात ही शस्त्रक्रिया होईल तितकी लांबविण्याकडे कल असतो.

नुकसानभरपाईचा प्रश्नही येथेच निर्माण होतो. १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्याच्या परिशिष्टात खुब्यापासून पाय तोडावा लागल्यास कमाईच्या क्षमतेची हानी नव्वद टक्के धरली होती. पाय शाबूत असून सांधा मात्र निकामी झालेल्या कामगाराचा आकडा परिशिष्टात नव्हता. तो डॉक्टरांनी ठरवावयाचा होता. पुढे हा कायदा आणि १९४८ चा राज्य कामगार विमा कायदा हे दोन्ही २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेत समाविष्ट करण्यात आले. शीर्षाचा ऊतकमृत्यू अपघातानंतर दोन वर्षांपर्यंतही प्रकट होऊ शकतो. पहिली क्ष-किरण चित्रे निर्दोष दिसतात व कामगार कामावर रुजू होतो. दाखला तेवढ्यावरच दिला गेल्यास हानीचे मोजमाप कमी होते. म्हणून ठराविक अंतराने चित्रे घेत राहून दोन वर्षे रुग्णावर लक्ष ठेवावे व हानीचा अंतिम दाखला त्यानंतरच द्यावा, हे वैद्यकीय दृष्ट्या योग्य ठरते.