खांदेरीचा अर्धवट तट

खांदेरीवर उतरलो तेव्हा ओहोटी लागली होती. बाकीचे धक्क्यावरून सरळ वेताळाच्या देवळाकडे गेले. मी मात्र फोटो काढायला तटाच्या बाहेरून, पाण्याच्या कडेने निघालो. दहा पावलांत पाय घसरला आणि तोल सावरायला हात दगडावर टेकला. उचलला तर तळहातावर चार-पाच ठिकाणी रक्त. दगडाला पांढरी, ब्लेडसारखी धारदार कालवं चिकटली होती.

थळहून आम्हाला घेऊन आलेले तांडेल काका मागे उभे राहून बघत होते. "पोरा, किल्ला चावला तुला," ते हसत म्हणाले आणि बाटलीतलं पाणी हातावर ओतलं.

तेव्हा मी ते गमतीत घेतलं. पण खांदेरीच्या तटाभोवती आणि समोरच्या उंदेरीभोवतीही असे सुटे, ओबडधोबड दगड टाकलेले आहेत. त्यांच्यात चुना नाही, रचाई नाही. लाटांचा जोर मोडायचं काम हे दगड करतात. समुद्र त्यांच्यावर कालवं वाढवतो, ती दगडांना एकमेकांशी जखडतात. होडीतून उडी मारून तटाकडे धावणाऱ्या माणसाच्या पायांचं काय होईल, ते माझ्या तळहाताने सांगितलंच होतं.

मी इथे का आलो होतो, ते आधी सांगतो. मी सॉफ्टवेअर इंजिनियर आहे, इतिहासाचा अभ्यासक नाही. वर्षभरापूर्वी ऑफिसच्या ट्रेकिंग ग्रुपवर मी एक पोस्ट फॉरवर्ड केली होती. 'खांदेरीच्या समुद्रात महाराजांच्या आरमाराने इंग्रजांना धूळ चारली', खाली भगवा झेंडा, वर तलवारी. टीममधल्या एका मित्राने साधा प्रश्न विचारला, "कोणत्या दिवशी? म्हणजे नक्की झालं काय?" त्याचा सूर खवचट नव्हता, त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं. माझ्याकडे उत्तर नव्हतं. जे मला ठाऊकच नव्हतं ते मी अभिमानाने पाठवलं होतं, हे बरेच दिवस टोचत राहिलं. मग वाचायला लागलो.

बेट का हवं होतं?

नकाशा उघडा. गेटवे ऑफ इंडियापासून दक्षिणेला वीस-पंचवीस किलोमीटरवर, थळच्या किनाऱ्यासमोर दोन ठिपके दिसतील. लांबचा आणि मोठा तो खांदेरी, किनाऱ्याजवळचा छोटा तो उंदेरी. मुंबई बंदरात दक्षिणेकडून येणारं जहाज या ठिपक्यांच्या नजरेतून सुटत नाही.

१६७० च्या दशकात या पाण्यावर चौघांचा दावा होता. जंजिऱ्याचा सिद्दी मुघलांचा आरमारी सरदार होता. वसई आणि चौलला पोर्तुगीज होते. मुंबई १६६८ पासून ईस्ट इंडिया कंपनीकडे होती. आणि किनाऱ्याच्या मुलखावर शिवाजी महाराजांचं राज्य.

महाराजांची मुख्य डोकेदुखी होती सिद्दी. पावसाळ्यात सिद्दीची गलबतं मुंबईत माझगावला येऊन थांबायची आणि तिथून मराठी मुलखात लूटमार व्हायची. इंग्रजांना हे आवडत नव्हतं, पण त्यांचा मोठा व्यापार सुरतेत होता आणि सुरत मुघलांची होती. सिद्दीला हाकलावं तर सुरत बिथरणार, ठेवावं तर शिवाजीराजा बिथरणार. जंजिरा जिंकायचे प्रयत्न फसले होते. मग मुंबईच्या दारातच आपला पहारा बसवायचा, म्हणजे सिद्दीची ये-जा आणि इंग्रजांचा दुटप्पीपणा दोन्ही नजरेखाली येतील, असा खांदेरीमागचा हिशेब होता. १६७२ मध्ये एकदा प्रयत्न झालाही, पण सिद्दी आणि इंग्रजांची जहाजं येताच तो सोडावा लागला.

दुसरा प्रयत्न १६७९ चा. ऑगस्टच्या अखेरीस मायनाक भंडारी दीडशे माणसं आणि चार लहान तोफा घेऊन बेटावर उतरला आणि बांधकाम सुरू झालं. वेळ बघा. पावसाळा अजून संपलेला नाही, समुद्र खवळलेला, मोठी जहाजं बंदरात बांधून ठेवलेली. विरोधकांच्या हालचाली सुरू होण्याआधी चार-सहा आठवडे मिळावेत असं हे गणित दिसतं. पण त्याचीच दुसरी बाजू अशी की दगड, चुना, धान्य, माणसं सगळं त्याच खवळलेल्या समुद्रातून न्यायचं होतं.

नक्की काय झालं?

या लढ्याची दिवसवार माहिती आपल्याला मिळते ती मुख्यतः इंग्रजांच्या पत्रव्यवहारातून. मुंबईकर इंग्रज सुरतेच्या वरिष्ठांना लिहीत, सुरतेहून उत्तर येई. ही पत्रं १९३१ मध्ये पुण्यात 'इंग्लिश रेकॉर्ड्स ऑन शिवाजी' या नावाने छापली गेली. ती वाचताना आधी मजा वाटते, कारण आपल्या ऑफिसच्या मेल थ्रेडसारखीच ती आहेत. खालचा म्हणतो माणसं द्या, जहाजं द्या. वरचा म्हणतो खर्च फार होतोय, मिटवा.

सप्टेंबरच्या सुरुवातीला इंग्रजांनी बेटाला वेढा घालायला बोटी पाठवल्या. बेट मुंबईचं आहे, काम थांबवा, असा त्यांचा दावा. मराठ्यांनी काम थांबवलं नाही. १९ सप्टेंबरला लेफ्टनंट फ्रान्सिस थॉर्पने बेटावर उतरायचा प्रयत्न केला. तो आणि त्याचे दोन साथीदार मारले गेले, काही पकडले गेले.

मग इंग्रजांनी मोठी तयारी केली. 'रिव्हेंज' नावाची फ्रिगेट, दोन गुराबा, तीन शिबाडं, दोन मचवे आणि दोनशे सैनिक. कॅप्टन विल्यम मिंचिन आणि कॅप्टन रिचर्ड केग्विन यांच्याकडे नेतृत्व. १८ ऑक्टोबरला पहाटे नागावच्या बाजूने दौलतखानाचं आरमार आलं. पन्नासच्या वर गलबतं, आणि इतक्या वेगाने की इंग्रजांना नांगर उचलायलाही धड वेळ मिळाला नाही. अर्ध्या तासाच्या आत 'डव्ह' या गुराबेने निशाण खाली घेतलं आणि ती मराठ्यांच्या हाती लागली. तिच्यावरच्या इंग्रजांची रवानगी सागरगडावर कैदेत झाली. बाकीच्या लहान बोटी मागे सरकल्या. 'रिव्हेंज' जवळजवळ एकटी उरली.

माझी फॉरवर्ड केलेली पोस्ट इथे संपत होती. पत्रं मात्र पुढे बोलतात. एकटी 'रिव्हेंज' लढत राहिली. इंग्रजांच्या म्हणण्यानुसार तिने पाच गलबतं बुडवली आणि उरलेलं आरमार नागोठण्याच्या खाडीकडे उथळ पाण्यात निघून गेलं. तिथे तिला जाता येईना. इंग्रजांनी स्वतःच्या पत्रात स्वतःचं कौतुक केलं असणार, हे धरूनही एवढं नक्की की त्या दिवशी समुद्रात एकतर्फी विजय कुणाचाच झाला नाही. सकाळची पहिली बाजी मराठ्यांची होती, शेवटी पाण्यात उभी होती ती 'रिव्हेंज'.

हे वाचलं तेव्हा खरं सांगतो, मी लॅपटॉप बंद केला. आता त्या मित्राला काय सांगायचं?

रात्रीच्या होड्या

दोन दिवसांनी पुन्हा वाचायला घेतलं, तेव्हा ध्यानात आलं की मी चुकीच्या जागी विजय शोधत होतो. १८ ऑक्टोबरनंतरही बेट मराठ्यांकडेच होतं. नोव्हेंबरमध्ये सिद्दी कासीमचं आरमार इंग्रजांच्या मदतीला आलं, तरीही बेट मराठ्यांकडेच राहिलं. तट अजून पुरा व्हायचा होता, समोर दोन आरमारं होती आणि आतली माणसं टिकून होती. कशी?

उत्तर त्याच पत्रांमध्ये तक्रारीच्या रूपात आहे. रात्र झाली की किनाऱ्यावरून लहान होड्या निघतात, पहारा चुकवून बेटावर सामान पोचवतात आणि उजाडायच्या आत परत जातात. आमच्या जड बोटींना त्या सापडत नाहीत.

खांदेरीवरून परतताना मी तांडेल काकांना हाच प्रश्न विचारला. "काका, इंजिन नसताना, रात्री, समोर मोठी जहाजं उभी असताना तुम्ही इथे कसे आला असता?"

त्यांना तो प्रश्न अजिबात अवघड वाटला नाही. "वारा पडला की शिडाचं जहाज जागेवर बसतं. वल्ह्याला वारा लागत नाही. आणि त्यांना खोल पाणी पाहिजे. आपल्याला गुडघाभर असलं तरी चालतं." मग उंदेरीकडे हात करून म्हणाले, "तिकडनं खडकावरून यायचं. माहीत असलेलाच येतो. दुसरा आला तर बोट फुटते."

बेटावरच्या किल्ल्याची मूळ अडचण हीच असते. चारी बाजूंचं पाणी शत्रूला अडवतं, तसंच तुमच्या भाकरीलाही अडवतं. म्हणून तट किती उंच आहे यापेक्षा किनाऱ्याशी असलेला धागा तुटतो का, यावर बेटाचं नशीब ठरतं. १६७९ मध्ये तो धागा थळ आणि नागावच्या किनाऱ्यावरून रोज रात्री नव्याने जोडला जात होता. इंग्रजांची जहाजं समोरासमोरच्या लढाईसाठी उत्तम होती. लढाई मात्र पुरवठ्याची होती आणि ती उथळ पाण्यात, अंधारात, वल्ह्यांवर चालली होती.

तिकडे मुंबईच्या इंग्रजांचा स्वतःचा पुरवठा सुरतेत अडकला होता. कंपनीने आधीच मुंबईच्या शिबंदीवरचा खर्च कापलेला. सुरतेचा निरोप एकच, खर्च आवरा आणि राजाशी जमवून घ्या. या काटकसरीचा शेवट गमतीदार झाला. खांदेरीला कंपनीसाठी लढलेल्या त्याच केग्विनने डिसेंबर १६८३ मध्ये मुंबईत कंपनीविरुद्धच बंड केलं आणि जवळपास वर्षभर मुंबई ताब्यात ठेवली.

१६८० च्या सुरुवातीला इंग्रजांनी माघार घेतली आणि तह केला. खांदेरी मराठ्यांकडे राहिलं. ३ एप्रिल १६८० ला महाराज गेले. खांदेरी हे त्यांच्या शेवटच्या मोठ्या कामांपैकी एक.

आणि उंदेरी

गोष्ट इथे थांबवली असती तर बरं वाटलं असतं. पण ९ जानेवारी १६८० ला सिद्दी कासीमने शेजारच्या उंदेरीवर माणसं उतरवली आणि तिथे स्वतःचा तट बांधायला घेतला. बेटाला उत्तर बेटाने. दौलतखानाने त्याला हुसकायचा प्रयत्न केला, तो फसला. एकमेकांवर तोफा डागता येतील एवढ्याच अंतरावर दोन शत्रूंचे दोन किल्ले उभे राहिले. ज्या सिद्दीला रोखायला खांदेरी बांधलं, तो खांदेरी आणि थळच्या मधोमध येऊन बसला. उंदेरी मराठ्यांना मिळालं ते पेशवाईत, १७५९-६० च्या मोहिमेत. म्हणजे ऐंशी वर्षांनी.

मग खांदेरीचा उपयोग काय झाला? झाला. कान्होजी आंग्र्यांच्या काळात इंग्रजांना ते चांगलंच कळलं. १७१८ मध्ये मुंबईचा गव्हर्नर चार्ल्स बून मोठं आरमार घेऊन खांदेरीवर चालून आला आणि हात हलवत परत गेला. इंग्रजांना खांदेरी मिळालं ते १८१८ मध्ये, पेशवाई बुडाल्यावर. १८६७ पासून तिथे दीपगृह आहे. एके काळी ज्या बेटाची मुंबईच्या जहाजांना धास्ती होती, तेच आता त्यांना वाट दाखवतं. चाकांच्या गाड्यांवरच्या तोफा अजून तिथे आहेत, गंजलेल्या, समुद्राकडे तोंड करून. नौदलाच्या दोन पाणबुड्यांना खांदेरीचं नाव मिळालं, दुसरी २०१९ मध्ये सेवेत आली. २०२५ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत मराठ्यांचे जे बारा किल्ले गेले, त्यांत खांदेरी आहे. उंदेरी नाही.

मायनाक भंडारीचं नाव आपल्याला माहीत आहे. दौलतखानाचं आहे. इंग्रजांच्या बाजूचे तर लेफ्टनंट, कॅप्टन, जहाजं, सगळ्यांची नावं पत्रांत आहेत. पण ज्यांच्यामुळे बेट टिकलं, त्या रात्रीच्या होड्या वल्हवणाऱ्या एकाचंही नाव मला कुठे सापडलं नाही. ते कोळी असतील, भंडारी असतील, थळ-नागावचे असतील. त्यांनी पत्रं लिहिली नाहीत. त्यांची नोंद फक्त शत्रूच्या तक्रारीत आहे, 'सापडत नाहीत' अशी. आपण मात्र पोस्टवर तलवार काढतो. तिथे खरं तर एक वल्हं हवं होतं.

त्या मित्राला मी शेवटी उत्तर पाठवलं, वर्षभर उशिरा. मोबाइलवर टाइप केलेले चार परिच्छेद. 'धूळ चारली' हे शब्द त्यात नव्हते. लढाई कुणीच नीट जिंकली नाही, बेट आपण राखलं, कसं राखलं ते असं असं, आणि उंदेरी हातचं गेलं, हे लिहिलं. खाली तळहाताचा फोटो जोडला.

त्याचं उत्तर दहा मिनिटांत आलं. "हे जास्त भारी आहे. पुढच्या वेळी मलाही घेऊन चल."