आसेध आणि एकतर्फी मनाईहुकूम

प्रतिपक्षाचें म्हणणें न ऐकतां तात्पुरती मनाई करणें ही केवळ इंग्रजी अंमलाची देणगी होय, असा समज आढळतो. आम्हांस तो ग्राह्य वाटत नाहीं. नारदस्मृतींत ‘आसेध’ सांगितला आहे. राजाचें बोलावणें येईपर्यंत वादीनें प्रतिवादीस अडवावें, हा त्याचा अर्थ. स्थान, काल, प्रवास व कर्म हे त्याचे चार प्रकार. भेद इतकाच कीं, तेथें वादी अडवी, आज न्यायालय अडवितें.

परंतु नारदानें मर्यादाही घातली आहे. पिकाच्या कामांत गुंतलेल्या शेतकऱ्यास अडवूं नये. नदी उतरतांना अडविलेला मनुष्य आसेध मोडूनही निर्दोष. आणि अडवूं नये त्यास अडविणारा दंडास पात्र.

1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेंतही आदेश 39, नियम 4 अन्वयें पीडित पक्षास मनाई उठवून वा बदलून मागतां येते. 1976 च्या दुरुस्तीनें नोटिशीवांचून हुकूम देण्याचीं कारणें नमूद करणें आणि अर्ज तीस दिवसांत निकालांत काढण्याचा यत्न करणें न्यायालयावर आलें. ती मुदत टळल्यास अपील करतां येतें, असें सर्वोच्च न्यायालयानें 2000 सालीं ठरविलें.

1949 मध्यें संस्थान विलीन झाल्यावर करवीरकरांस उच्च न्यायालयांतील दादीसाठीं मुंबई गांठावी लागे. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरांतच सर्किट बेंच चालूं लागलें. हंगाम गेल्यावर उठलेली मनाई शेतकऱ्याच्या काय कामाची? अडविण्याच्या अधिकाराची न्याय्यता दुसरी बाजू किती लवकर ऐकिली जाते यावरच ठरते, असें आमचें मत आहे.