वर्ध्याची दुपार किती वाजता होते?



काळाच्या प्रवाहाचा अभ्यास करणारी एखादी वेधशाळा आपल्या वर्ध्यास असती तर? ही कल्पना तुम्हाला गंमतीची वाटेल. परंतु वेळ मोजणे हेच ज्यांचे एक प्रमुख कार्य होते अशा वेधशाळा इतिहासात खरोखरच होऊन गेल्या, आणि त्यांच्या निर्णयांचा परिणाम आपल्या जिल्ह्यावरही झालेला आहे.

चौदाव्या शतकात दमास्कसच्या उमय्या मशिदीत इब्न अश्-शातिर हे ज्योतिर्विद 'मुवक्कित', म्हणजे नमाजाच्या वेळा गणिताने ठरविणारे अधिकारी होते. १३७१ साली त्यांनी मशिदीच्या मिनारासाठी एक सुरेख छायाघटिका तयार केली. पुढे समरकंद येथे उलुगबेगने भव्य वेधशाळा उभारली. दुर्बिणीचा शोधही लागला नव्हता, तरी त्याने नक्षत्र वर्षाची लांबी ३६५ दिवस, ६ तास, १० मिनिटे व ८ सेकंद अशी काढली. आजच्या मापनाशी ताडून पाहता तिच्यात एका मिनिटाचीही चूक नाही!

आपल्या महाराष्ट्रात १८२६ साली मुंबईस कुलाबा वेधशाळा स्थापन झाली. जहाजांना अचूक वेळ पुरविणे हा तिचा एक प्रमुख हेतू होता. पृथ्वी एक अंश फिरण्यास ४ मिनिटे लागतात. म्हणून घड्याळ ४ मिनिटे चुकले, तर विषुववृत्तापाशी जहाजाचा हिशेब सुमारे १११ किलोमीटरने चुकतो. याच वेधशाळेत केरो लक्ष्मण छत्रे हे कोवळ्या वयात सहायक म्हणून लागले आणि पुढे थोर गणितज्ञ झाले. लोकमान्य टिळक त्यांचे विद्यार्थी होत.

आता आपल्या जिल्ह्याकडे वळू. पूर्वी प्रत्येक गावची वेळ त्या गावच्या सूर्यावर चाले. १८६७ साली मुंबईची रेल्वे वर्ध्यावरून नागपूरपर्यंत पोहोचली. गावागणिक वेगळी वेळ ठेवून आगगाड्या कशा चालणार? म्हणून रेल्वेने मद्रास वेधशाळेची वेळ स्वीकारली, आणि ती तारायंत्राने स्टेशनांना कळविली जाऊ लागली. हिशेब केला तर वर्ध्याच्या सूर्यापेक्षा ही वेळ सुमारे साडेसहा मिनिटे पुढे होती. गावची वेळ पाहून निघालेल्या प्रवाशाची गाडी चुकण्यास तेवढा फरक पुरेसा होता!

मुंबईकरांना परकी वेळ रुचली नाही. १८८१ साली सरकारने तेथे मद्रासची वेळ लागू केली, तेव्हा मोठा विरोध झाला व हुकूम मागे घ्यावा लागला. शेवटी १ जानेवारी १९०६ पासून ग्रिनिचच्या साडेपाच तास पुढे असणारी भारतीय प्रमाणवेळ सुरू झाली. तरीही मुंबईत जुनी वेळ कित्येक वर्षे टिकून राहिली.

ही प्रमाणवेळ मिर्झापूरजवळून जाणाऱ्या साडेब्याऐंशी अंश रेखावृत्ताची आहे. वर्धा त्याच्या पश्चिमेस जवळजवळ चार अंशांवर. म्हणजे घड्याळात १२ वाजतात तेव्हा आपल्याकडे सरासरीने खरी दुपार होण्यास अजून सुमारे १६ मिनिटे असतात. शिवाय पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळाकार व अक्ष कललेला असल्याने ही वेळ वर्षभर बदलते. नोव्हेंबरच्या आरंभी वर्ध्यास सूर्य १२ च्या सुमारास माथ्यावर येतो, तर फेब्रुवारीच्या मध्यास सुमारे साडेबारास. उलट मुंबईची दुपार आपल्यानंतर सुमारे २३ मिनिटांनी होते. तेथील नमाजाचे वेळापत्रक येथे जसेच्या तसे का चालत नाही, हे आता तुमच्या ध्यानात येईल. सूर्य ढळल्यावरच जोहरची वेळ सुरू होते, आणि सूर्य प्रत्येक गावी आपल्या वेळेने ढळतो.

मित्रांनो, हे केवळ वाचून सोडू नका. शाळेच्या पटांगणात एक काठी सरळ उभी रोवा. साडेअकरापासून एक वाजेपर्यंत दर पाच मिनिटांनी तिच्या सावलीच्या टोकावर खूण करा. सर्वात आखूड सावली ती तुमच्या गावची दुपार. दर आठवड्याला ती वेळ वहीत लिहा. वर्षाअखेरीस सूर्याची चाल तुमच्या हाताने लिहिलेली असेल.

पालकहो, आज मोबाइलवर वेळ तयार मिळते. पण ती कोणी, कशी ठरविली हे विचारणारे मूल घरात असेल, तर त्याला गप्प बसवू नका. इब्न अश्-शातिर काय किंवा केरो नाना काय, त्यांची विद्या अशाच प्रश्नांतून वाढली. वर्ध्यास वेधशाळा नसेल, पण एक काठी, एक वही आणि जिज्ञासू मूल असले की तिचा पाया घातला गेलाच!