मुख्याध्यापकाची नेमणूक आणि ‘प्रशासन’ ह्या शब्दाचा अर्थ

शाळेच्या मुख्याध्यापकपदाची सूत्रे एका हातातून दुसऱ्या हातात जाताना जे वाद न्यायालयापर्यंत पोहोचतात, ते वरवर पाहता दोन शिक्षकांतील चुरशीचे वाटतात. वस्तुतः त्यांच्या मुळाशी प्रश्न असतो तो अधिकाराचा. शाळेचा प्रमुख कोणी ठरवावयाचा? संस्थाचालकांनी, शासनाने, की सेवाज्येष्ठतेच्या नियमाने? भारतीय संविधानाच्या तिसाव्या अनुच्छेदाने धार्मिक व भाषिक अल्पसंख्याकांना आपल्या पसंतीच्या शैक्षणिक संस्था स्थापन करण्याचा व त्यांचे प्रशासन करण्याचा हक्क दिला. ‘प्रशासन’ ह्या शब्दाची व्याख्या मात्र दिली नाही. ती न्यायनिर्णयांतून कशी घडत गेली, हे प्रस्तुत टिपणात पाहावयाचे आहे.

ह्या इतिहासातील पहिला मोठा टप्पा केरळचा होय. १९५७ मध्ये तेथील विधानसभेने शिक्षणमंत्री जोसेफ मुंडश्शेरी ह्यांचे शिक्षण विधेयक संमत केले. अनुदानित शाळांतील शिक्षक लोकसेवा आयोगाच्या यादीतून निवडावेत, त्यांस बडतर्फ करण्यापूर्वी शासकीय अधिकाऱ्याची संमती घ्यावी, आणि प्रसंगी शाळेचे व्यवस्थापन शासनाने ताब्यात घ्यावे, अशा तरतुदी त्यात होत्या. राष्ट्रपतींनी विधेयक सर्वोच्च न्यायालयाच्या सल्ल्यासाठी पाठविले. सरन्यायाधीश सुधीरंजन दास ह्यांनी १९५८ मध्ये दिलेल्या मतात दोन्ही बाजू तोलून पाहिलेल्या दिसतात. प्रशासनाच्या हक्कात कुप्रशासनाचा हक्क अंतर्भूत नाही. म्हणून शिक्षकांच्या संरक्षणार्थ घातलेले निर्बंध चालू शकतील. परंतु अल्पसंख्याकांच्या संस्थेचे व्यवस्थापनच काढून घेणे हे त्या हक्काचा लोप करणे होय.

पुढे केरळ विद्यापीठ कायद्यासंबंधीच्या वादात सरन्यायाधीश हिदायतुल्ला ह्यांनी १९७० मध्ये प्रशासन म्हणजे संस्थेच्या कारभाराचे व्यवस्थापन, असा अर्थ केला आणि संस्थापकांना आपल्या कल्पनेप्रमाणे संस्था घडविता यावी, हे त्याचे प्रयोजन सांगितले. अहमदाबादच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयाच्या खटल्यात १९७४ मध्ये नऊ न्यायाधीशांच्या पीठाने हीच दिशा दृढ केली.

ह्या अर्थाची खरी कसोटी मुख्याध्यापकाच्या खुर्चीपाशी लागली. केरळातील एमजे हायस्कूलच्या प्रकरणात ज्येष्ठ शिक्षकाने नियमाच्या आधारे पदावर हक्क सांगितला. व्यवस्थापनाने निवडीचे स्वातंत्र्य पुढे केले. १९९८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुख्याध्यापक हा शाळेच्या कारभाराचा कणा मानून पात्र व्यक्ती निवडण्याचा व्यवस्थापनाचा हक्क मान्य केला. शासनाची अल्पसंख्याक दर्जाविषयीची घोषणा नवा दर्जा निर्माण करीत नाही, पूर्वीपासून असलेल्या दर्जाची ती केवळ कबुली असते, असेही न्यायालयाने म्हटले. २००६ मध्ये केरळातीलच एका महाविद्यालयाच्या प्राचार्यपदाबाबत न्यायालयाने आणखी स्पष्ट केले की, अनुदान स्वीकारल्याने हा निवडीचा हक्क जात नाही.

महाराष्ट्रात हाच प्रश्न १९७७ च्या खाजगी शाळांतील कर्मचारी सेवाशर्ती अधिनियमाने वेगळ्या रीतीने हाताळला. १९८१ च्या नियमांनुसार मुख्याध्यापक हा पात्रताधारक व समाधानकारक सेवा असलेल्या शिक्षकांतील सर्वांत ज्येष्ठ असावा लागतो. बढतीत डावलला गेलेला शिक्षक शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करू शकतो. अल्पसंख्याक शाळेच्या प्रमुखाची भरती मात्र अधिनियमाच्या कक्षेबाहेर ठेवली आहे.

येथे ‘भरती’ हा शब्द लक्षात घेण्याजोगा आहे. सूट आहे ती निवडीपुरती. शब्दशः वाचल्यास निवड झालेल्या प्रमुखाला मनमानीने दूर करण्याची मुभा तीतून निघत नाही. ‘प्रशासन’ ह्या शब्दाचा विस्तार होत असताना त्याची किंमत प्रत्येक वेळी कोणा तरी ज्येष्ठ शिक्षकाने मोजली आहे, हे विसरता येत नाही. वीस-पंचवीस वर्षे सेवा केलेल्या माणसाला आपल्यापेक्षा कनिष्ठ सहकाऱ्याच्या हाताखाली काम करावे लागते, तेव्हा त्यास संविधानाचा अर्थ सांगून समाधान होत नाही. म्हणूनच निवडीचे स्वातंत्र्य आणि सेवेची सुरक्षितता ह्या दोन गोष्टी एक मानू नयेत. पहिली संस्थेची आहे. दुसरी शिक्षकाची आहे. १९५८ च्या मतात ह्या दोहोंना दिलेले स्थान पुढील अर्थविस्तारातही टिकले पाहिजे.